बिनमुदतीचं सरबत

“शेवटचं! ऐका रं सगळी, यंदाचं ह्ये शेवटचं! फुडच्या साली माझ्या दारात कुणी गिलास घिऊन हुबा ऱ्हायला, तर तंगडं मोडून हातात दीन!”

हातात वगराळं, कमरेला भिजलेला पंचा, कोपरापर्यंत गुलाबी झालेला हात आणि समोर गल्ली भरून माणसं. मोहरमला, कडेगावच्या ताबुतांच्या भेटीच्या दिवशी, आमचा मामा आपल्या पायरीवर उभा राहून ही घोषणा दरवर्षी करायचा. आवाज असा, की कऱ्हाडच्या स्टँडवर सुटायला निघालेली एस.टी. कुणीतरी हाक मारली म्हणून थांबायची. कौलं सरकायची. पारावरचं कुत्रं उठून दुसऱ्या गावाला जायचं. माणसं मात्र शांतपणे गिलास पुढं करायची. एकदा एक म्हातारी म्हणाली, “व्हय बाबा, मोडशील. आदी ह्यात सब्जा घाल वाईच.” मामानं सब्जा घातला. सगळं गाव त्याला ‘शेवटतात्या’ म्हणायचं. सुट्टीला साताऱ्याहून आजोळी आलो, की मी पायरीच्या खालच्या टोकाला उभा असायचो. त्याची शेवटची सरबतं मी इतकी प्यालो आहे, की पहिलं कुठलं ते आता आठवत नाही.

या सरबताची सुरुवात झाली ती माझ्या आजीच्या एका चुकीनं. नवस बोलताना आमच्याकडची बाई कसलेल्या वकिलाला ऐकायची नाही. ‘पोरगा झाला तर पाच वर्षं नारळ देईन’, ‘ऊस वेळेत तुटला तर एकदाच पेढे.’ मुदत आणि माप आधी ठरतं, देव नंतर. मामा पाळण्यात होता तेव्हा त्याला हगवण लागली. ओठ वाळलेल्या चिंचेसारखे झाले. आजी त्याला पदराखाली घेऊन दारात बसली होती आणि समोरून ताबूत चालले होते. तेव्हाच्या मुजावरांनी हातातल्या गुलाबाच्या सरबतात बोट बुडवलं आणि पोराच्या ओठाला लावलं. पोरानं ते चोखलं. आजीच्या तोंडून गेलं, “पीरबाबा, पोर जगू दे. तुज्या वाटंवर सरबत पाजीन.”

बस्स. किती वर्षं, ते बोललीच नाही.

पोर जगलं. आजी हयात होती तोवर तिनं पाजलं आणि जाताना वगराळं मामाच्या हातात दिलं. म्हणजे ज्याचा जीव वाचला, तोच त्याची फेड करत बसला. मामा म्हणायचा, “लोकं घराचं भाडं भरत्यात, मी जगल्याचं भरतूय. आन मालक कवा येऊन बाहीर काढंल, त्येचा पत्त्या न्हाई.” तो दमला होता आणि त्याला थांबायचं होतं. पण थांबलो आणि गेलो तर, ही धास्ती. त्याच्या सगळ्या आरडाओरड्याच्या तळाशी एवढंच होतं.

थांबायचं म्हणजे तरी काय थांबायचं, ते सांगतो. मामा मिरजेहून पोत्यानं गावठी गुलाब आणायचा. पाकळ्या खुडून, निवडून, साखरेत घोळून उन्हाला ठेवायच्या. मग पाक. घरचा ऊस असून सभासदांना मिळणारी कारखान्याची साखर मामीनं कधी चहात घातली नाही. ती सगळी या पाकात जायची आणि घरची माणसं वर्षभर गुळाचा चहा प्यायची. पाक उतरला की तो आंघोळीच्या तांब्याच्या घंगाळात, कारण तेवढं मोठं भांडं घरात दुसरं नव्हतं. मोहरमच्या दिवशी त्या घरात कुणी आंघोळ करत नसे. मामाला स्वतःला साखरेचा आजार, त्यामुळे चव बघायची सोय नाही. तो पायरीवर एक थेंब सांडायचा आणि वाट बघायचा. समोरच्या किराणा दुकानातल्या गुळाच्या ढेपा सोडून मुंगळे रस्ता ओलांडून इकडं आले, की म्हणायचा, “झालं. पंच आलं.”

अलीकडं कुणी कुणी सुचवायचं, तात्या, बाटलीतलं आणा, पाण्यात ओता, काम तमाम. मामा बाटली उजेडाला धरायचा, गोल फिरवायचा आणि विचारायचा, “ह्या गुलाबाला काटा हुता का न्हाई, येवडं इचारून या.” ते विचारायला आजवर कुणी गेलं नाही.

पंचाईत अशी, की मोहरम एका जागी थांबत नाही. दरवर्षी दहा-अकरा दिवस मागं सरकत तो उन्हाळ्यातून निघतो आणि फिरत फिरत थंडीत येऊन बसतो. मामाच्या दारात ऐन थंडीची सालंही आली. दात वाजत होते, तोंडातून वाफा निघत होत्या आणि माणसं कानाला मफलर गुंडाळून गार सरबत पीत होती. एकाचा घोट म्हणे घशातच गोठला आणि संक्रांतीला खाली उतरला. कुणीतरी धीर करून म्हणालं, “तात्या, यंदा च्या करा की.” मामा वरून गरजला, “नवसात च्या न्हाई!” आणि त्याच दमात, “हेबी शेवटचं हाय, ध्यानात ठेवा!”

मोठा झाल्यावर मी एकदा त्याला शहाणपणानं विचारलं, “मामा, हा दिवस दुःखाचा ना? मग गोड कसं चालतं? आपल्यात तर सुतकात गोड करत नाहीत.”

पातेलं घासता घासता त्यानं माझ्याकडं असं पाहिलं, जसं तो उसाचं किडकं कांडं बघायचा. “ज्येंच्यासाठी ह्ये ताबूत, ती माणसं तहानंनं मेली. पाणी डोळ्याफुडं आन तोंडाला थेंब न्हाई. तान्हं पोर सुदीक. त्येंच्यासाठी रडून रडून माणसाच्या तोंडात मीठच आलेलं असतंय. मग काय खारं पाजू?”

मी दुसरं पातेलं पुढं ओढलं आणि घासायला बसलो.

त्याचा पहिला गिलास ठरलेला असायचा, चुलतभावाचा. या दोघांचा बांधावरून वाद होता आणि बांधावरचा वाद म्हणजे काय, ते आमच्याकडच्या माणसाला सांगायला नको. बांध इतक्या वेळा इकडं तिकडं सरकला होता, की बिचाऱ्याला चालायची सवय लागली होती. दोघं एकमेकांच्या लग्नकार्याला जात नसत. पण ताबूत निघाले, की चुलतभाऊ स्टीलचा गिलास घेऊन सगळ्यांच्या पुढं उभा. मामा भरायचा आणि तो तिथंच पिऊन जायचा. दोघांत शब्द नाही. मी म्हणालो, “मामा, बोलत नाहीस आणि पाजतोस?” मामा म्हणाला, “भांडान बांधावर हाय. ह्यो उंबरा हाय.”

दिवस सरला की तो रिकाम्या घंगाळात पाय सोडून बसायचा. मामी वरून गार पाणी ओतायची. तो डोळे मिटून म्हणायचा, “देवा, फुडल्या जन्मी पाजणारा करू नगंस. पिणारा कर. रांगंत शेवटचा असंल तरी चालंल.”

नवसातून सुटायला त्यानं खटपट कमी केली नाही. वाईला गुरुजींना गाठलं. त्यांनी सगळं ऐकून घेतलं आणि म्हणाले, “लाडू असते तर काहीतरी तोड काढली असती. सरबत आमच्या पोथीत येत नाही.” साताऱ्यात आमच्या शेजारी एक निवृत्त सुभेदार राहतात. त्यांनी मिशीला हात लावून निकाल दिला, “तोंडी ऑर्डर आहे. ज्यानं दिली, तोच कॅन्सल करणार. आई कुठं असतात?” मामा म्हणाला, “वर.” सुभेदार म्हणाले, “मग अर्ज वरूनच येऊ द्या.” उरले मुजावरचाचा, ज्या मुजावरांनी बोट बुडवलं त्यांचे चिरंजीव. तेही आता सत्तरी ओलांडून कमरेत वाकलेले. मामा दरवर्षी त्यांना विचारायचा आणि ते दरवर्षी म्हणायचे, “तात्या, मला कोन सोडवतंय का, त्ये मी आदी बघतूय. सुटलो की तुझं बघू.”

मग एका वर्षी मामाच्या पायाला जखम झाली. साखरेमुळं ती भरेना. त्या साली त्यानं खुर्चीवर बसून वाटप केलं. ‘शेवटचं’ म्हणाला, पण ते पहिल्या चार माणसांपलीकडं कुणाला ऐकू गेलं नाही. ज्या आवाजानं एस.टी. थांबायची, त्यानं मांडीवरची माशीसुद्धा उठली नाही. भेटी झाल्यावर मुजावरचाचा काठी टेकत आले आणि पायरीवर बसले.

“तात्या, फिटला तुझा नवस. पीरबाबा माझ्या सपनात आलते.”

मामा सावध झाला. “काय म्हनालं?”

“म्हनालं, तात्याला सांग, बास.”

“कंच्या रातीला?”

“रातीला कुटलं? दुपारी. मला जरा डुलकी लागलती.”

“माझं नाव घितलं? का आपलं नुसतं कोन तात्या?”

“अरं, शेवटतात्या म्हनालं. मग?”

मामानं बराच वेळ चाचांच्या तोंडाकडं पाहिलं. चाचांनी शेजारच्या मुंगळ्यांकडं पाहिलं. मग मामानं वगराळं उचललं आणि चाचांच्या मांडीवर ठेवलं. चाचांनी ते पायरीवर ठेवलं. तिथून ते मामीनं आत नेलं.

पुढच्या मोहरमला मी साताऱ्याहून मुद्दाम गेलो. म्हटलं, सुटका झाली आहे, चार थट्टा करू, मटण खाऊ. दार अर्धं लोटलेलं होतं. घंगाळ न्हाणीत उपडं घातलेलं. चौकात पोरांनी टेबल मांडून बाटलीतलं सरबत सुरू केलं होतं. बर्फ भरपूर होता, रंगही झकास होता. तरी सवयीनं माणसं आमच्या पायरीपाशी रेंगाळायची, वर बघायची आणि पुढं जायची. चुलतभाऊ आला. गिलास घेऊनच आला. मी म्हणालो, “काका, यंदा नाही.” तो “बरं” म्हणाला, गिलास सदऱ्याच्या खिशात कोंबायला लागला. तो मावेना, म्हणून हातातच घेऊन गेला.

मामा माजघरात खाटेवर पडला होता. बाहेर ताशे वाजत होते, ताबूत भेटत होते, माणसांच्या गर्दीनं भिंत हलत होती. मी तीनदा डोकावलो. डोळे मिटलेले, एक हात छातीवर. मनात म्हटलं, मामा जागाच आहे. आतल्या आत तुटतोय बिचारा. ज्याचं आयुष्य घंगाळात गेलं, त्याला खाटेवर कसं चैन पडेल? मी हाक मारली नाही. दार ओढून घेतलं.

दिवाळी झाली आणि मामा गेला. सांगलीच्या दवाखान्यात, फारसा आवाज न करता.

तेराव्याला मंडळी जमली, तेव्हा गोष्ट तयारच होती. भाडं थांबलं, मालकानं बाहेर काढलं. गावानं ती साधी सांगितली, मी तिला नीट कपडे घातले. साताऱ्यात सांगताना तर मी असंही सांगू लागलो, की शेवटच्या दिवशी मामानं गुलाबाचा वास मागितला, आणि त्या रात्री घंगाळ आपोआप वाजलं. ऐकणाऱ्यांच्या डोळ्यांत पाणी यायचं. माझ्याही यायचं.

परवा कडेगावला गेलो होतो. मामी सोप्यात बसून सुपात ज्वारी पाखडत होती. मी समोर बसलो आणि अख्खी गोष्ट तिलाही सांगितली. वाकलेला मामा, उपडं घंगाळ, बंद डोळ्यांआडचं दुःख, काही सोडलं नाही. शेवटी आवाज खाली आणून म्हणालो, “मामी, सरबत थांबलं आणि मामा खचला. त्या दिवशी खाटेवर नुसता पडून होता गं. ते सुरू असतं, तर शंभर गाठले असते त्यानं.”

मामीनं सूप थांबवलं. दोन खडे वेचून अंगणात टाकले.

“दमलं हुतं त्ये,” ती म्हणाली. “त्या दिशी गाढ झोप लागलती त्येस्नी.”