धुळवडीला भाजलेला टर्की

माझे वडील, अण्णा, मार्गशीर्षात गेले. संक्रांतीला आईने तीळसुद्धा भाजले नाहीत. माणूस गेल्यावर पहिला सण भावकीला बोलावून करायचा, मग दुखवटा सुटतो, अशी आमच्याकडे रीत आहे. तो सण चुलत्यांनी धुळवडीला धरला, कारण तोवर माझा धाकटा भाऊ घरी येणार होता.

भाऊ जहाजावर स्वयंपाकी आहे. अण्णा गेले तेव्हा त्याचं जहाज भर समुद्रात होतं. उतरायचं म्हटलं तरी बंदर यायला हवं. अंत्यविधी त्याने चुलतभावाने लावलेल्या व्हिडिओ कॉलवर पाहिला, तोही तुटक तुटक. चिता पेटली आणि नेमकी रेंज गेली.

अण्णा एसटीत ड्रायव्हर होते. भीमाशंकरच्या घाटात गाडी चालवून चालवून त्यांचे खांदे पुढे वाकले होते. निवृत्त झाल्यावर डिंगोऱ्याला शेतात राहायला आले आणि त्यांनी टर्की पाळायला घेतले. कारण भाऊच. जहाजावर नाताळात प्रवाशांना अख्खा टर्की लागतो, तो फाडून सपाट करून भाजला की लवकर आणि सारखा होतो, असं त्याने एकदा फोनवर सांगितलं होतं. अण्णा म्हणाले, "मी इथं पाळतो. तू आल्यावर मला करून घाल."

त्यांनी पिल्लं आणली, बिबट्याच्या भीतीने वरूनसुद्धा जाळी मारलेला पिंजरा केला. त्यातला एक नर चांगलाच वाढला. पंख फुगवून चालायचा, चिडला की त्याचं डोकं निळ्याचं लाल व्हायचं. अण्णा कांद्याच्या वाफ्यात गेले की हा मागे. "ह्यो तुझ्या भावाचा," ते मला सांगायचे. दिवाळीला भाऊ येणार होता, रजा मिळाली नाही. तेव्हा अण्णांनी टर्कीला हात लावू दिला नाही.

मी घोडेगावला राहते, तिथे शाळेत शिकवते. धुळवडीच्या आदल्या दिवशी डिंगोऱ्याला पोचले तेव्हा भाऊ पिंजऱ्यापाशी उकिडवा बसला होता. दाढी वाढलेली, अंगात अण्णांचा स्वेटर. मला पाहून तो उठला नाही. "ताई, हा मलाच अण्णा समजतोय," एवढंच म्हणाला.

आईने आधी नकोच म्हटलं. "लई माया व्हती त्यांची. त्याला कशाला मारता? गावातून मटण आणा."

"अण्णांनी माझ्यासाठीच ठेवला होता ना?" भाऊ म्हणाला.

आईने एकदा पिंजऱ्याकडे पाहिलं. मग म्हणाली, "ठेवला व्हता, हे खरं."

सकाळी चुलत्यांनी टर्की कापला. मोठ्या पातेल्यात पाणी उकळून पिसं काढली. पिसं गेल्यावर तो एवढा पांढरा आणि उघडा दिसला, की आई पदर तोंडाला लावून आत गेली. भावाने ओट्यावर प्लास्टिकचा कागद अंथरला. द्राक्षाच्या छाटणीची कात्री उकळून घेतली होती. तिने पाठीच्या कण्याच्या दोन्ही बाजूंनी कापत त्याने कणा सबंध बाहेर काढला आणि मान तोडून बाजूला ठेवली. मी पातेल्यात पाणी ओतून देत होते. जहाजावर तो काय काम करतो, हे मी पहिल्यांदाच बघत होते. हात सराईत होते, पण लक्ष कामात नव्हतं.

मग त्याने टर्की उलटा केला, छाती वर. दोन्ही तळवे एकावर एक ठेवले, कोपरं ताठ केली आणि सगळा भार टाकून दाबलं. हाड मोडल्याचा आवाज झाला. मी तांब्या खाली ठेवला आणि सरळ गोठ्याकडे गेले.

गोठ्याच्या भिंतीला टेकून उभी होते. तो हात पुसत मागे आला.

"काय झालं गं?"

"काही नाही."

"ताई, मी आल्यापासून सगळ्यांना विचारतोय. शेवटी काय झालं, कुणी नीट सांगत नाही. चुलते म्हणतात, झोपेत गेले. आई म्हणते, दवाखान्यात गेले. तू होतीस ना?"

मी होते. त्या दिवशी शाळेला सुट्टी म्हणून मी डिंगोऱ्याला आले होते. अण्णांना घाम फुटला, शेजाऱ्याच्या पिकअपमधून आम्ही त्यांना दवाखान्यात नेलं. आई बाहेर बाकावर बसली. मला आत राहू दिलं. डॉक्टर पोरगेलासाच होता. अण्णांचं हृदय थांबलं तसे त्याने त्यांच्या छातीवर असेच तळवे ठेवले आणि असंच दाबलं, पुन्हा पुन्हा. तेव्हा बरगडी मोडल्याचा आवाज मी ऐकला होता. डॉक्टरने थांबून माझ्याकडे बघितलं आणि म्हणाला, "असं होतं, घाबरू नका." पुन्हा दाबायला लागला. बराच वेळ करत होता. दमून घामाघूम झाला, तरी करत होता.

हे मी भावाला सांगितलं. त्याला सांगताना मी रडले नाही, याचं मलाच नवल वाटलं. तो खाली मातीकडे बघत होता.

"त्यांना कळलं असेल का?"

"नाही. डोळे आधीच मिटले होते."

"माझं नाव घेतलं?"

गाडीत अण्णा फक्त "पाणी" म्हणाले होते. मी तेच सांगितलं. त्याने मान हलवली आणि आत जाऊन लोणी, लसूण, मिरी, लिंबू एकत्र करायला घेतलं. ते त्याने कातडीच्या आतून बोटं घालून सगळीकडे चोळलं. बराच वेळ चोळत राहिला.

अंगणात विटा मांडून त्यावर सळया ठेवल्या होत्या. बाभळीचे निखारे पडल्यावर त्याने टर्की पालथा, पसरून ठेवला आणि वर परात झाकून तिच्यावरही निखारे घातले. कातडीची चरबी टपटप गळत होती, वास गल्लीपर्यंत जात होता. भावकीतली माणसं येऊन बघत. पण दुखवट्याचं घर, त्यामुळे मोठ्याने कुणी बोलत नव्हतं. बायका आल्या की आधी आईच्या गळ्यात पडून रडत आणि मग डोळे पुसून परातीकडे बघत.

"मसाला न्हाई लावला?" चुलतीने विचारलं.

"हे असंच असतं काकू."

"आन रस्सा?"

तेव्हा आई उठली. ओट्यावर ठेवलेला कणा, मान आणि काळीज तिने उचललं, खोबरं-कांद्याचं वाटण केलं आणि मोठ्या टोपात रस्सा टाकला. अण्णा गेल्यापासून तिने चुलीपाशी एवढा वेळ काढला नव्हता.

परात उचलली तेव्हा टर्की तांबूस सोनेरी झाला होता, पंख पसरून पडलेला. भावाने सुरीने काप काढले, प्रत्येकाच्या ताटात ठेवले. लोकांनी तोंडात घातले, एकमेकांकडे बघितलं. "कोरडं लागतंय जरा," एक पाहुणे म्हणाले. "पण नवीन हाय, राव. चांगलं हाय." मग सगळ्यांनी भाकरी कुस्करली आणि रस्सा ओतून घेतला. टोप रिकामा झाला. भाजलेले काप ताटांच्या कडेला राहिले. भावाने ते पाहिलं आणि सुरी पुसून ठेवली.

पंगत उठल्यावर आम्ही दोघं ओट्यावर बसून खाल्लं. मांस छान मऊ होतं, मांडीपाशी तर रसदार. मी त्याला तसं म्हटलं. "अण्णांना आवडलं नसतं," तो म्हणाला. "त्यांनाही रस्साच लागला असता." आईने त्या दिवशी नुसता ताकभात खाल्ला.

भाऊ पाडव्यापर्यंत राहणार होता. आठवड्यातच कंपनीचा फोन आला, असं सांगून निघाला. फोन खरंच आला होता की त्यानेच करून घेतला, मी विचारलं नाही. टर्कीच्या उरलेल्या माद्या आईने डोंगरातल्या ओळखीच्या एका घरी देऊन टाकल्या.

तो गेल्यावर आई आणि मी शेतात कांदा भरत होतो. ती मध्येच म्हणाली, "गोठ्यापाशी त्याला काय सांगत व्हतीस?"

"दवाखान्यातलं."

"मला कधी न्हाई सांगितलंस."

मी तिला सांगितलं. सगळं, बरगडीच्या आवाजासकट. तिने हातातला कांदा खाली ठेवला नाही. त्याची पात मुरगाळत, साल काढत बसली, पांढरं लागेपर्यंत.

"मला बाहेर ऐकू आलं व्हतं," ती म्हणाली. "मला वाटलं, खुर्ची मोडली."

मग तिने मला गोणीचं तोंड धरायला सांगितलं.