गंगारामाचं बोलणं, शेपटासकट

बाबली धुरींच्या ओट्यावर बसून कुणी 'लोक म्हणतत' असं म्हटलं, की बाबलीकाका सुपारी कातरायची थांबवत.

"लोक? ते खंय रवतत? तेंचा घर दाखय माका."

घर दाखवता येत नसे. मग ती बातमी मुकाट्याने ओट्यावरून खाली उतरे. कोण बोललो, खंय बोललो, तू तुझ्या कानान आयकलंस की दुसऱ्यान सांगल्यान, आणि तो दुसरो कोण? एवढी जकात भरल्याशिवाय त्यांच्याकडे कुणाचं बोलणं पुढे सरकत नसे. आमच्या गावात लग्नं जमवणं त्यामुळे फार अवघड झालं होतं. स्थळाची स्तुती या प्रश्नांपुढे टिकत नाही. गुरुजी पेपर मोठ्याने वाचत आणि त्यात 'असे समजते' आलं की काका म्हणत, "कोणाक समाजला? नाव घालूक नाय?" आणि गुरुजींकडे असे बघत, जणू पेपर त्यांनीच छापला.

गंमत म्हणजे हाच माणूस थंडीत दशावतारात राजा व्हायचा. दशावतारात संवाद लिहिलेले नसतात, उभ्या उभ्या रचायचे. तिथे काका व्यासमुनींच्या नावावर असली वाक्यं खपवत, की ती ऐकून व्यासांनी पुन्हा लिहायला घेतलं असतं. मी एकदा छेडलंच. तर म्हणाले, "थंय तोंडाक रंग आसता रे. लोकांक म्हायत आसता, हो बाबलीच बोलता म्हणान." जत्रांचा हंगाम संपला की रंग पुसून ते लोकांच्या घरांचे नळे परतायला जात. पावसाआधी छपरावरची कौलं काढून, झाडून पुन्हा बसवायची. हे त्यांचं पोटाचं काम.

साल एकसष्ट असेल. आमचं गाव मिठबावच्या बाजूला, खाडीला लागून. चैत्र आला की आमच्या खालच्या वाडीतल्या विहिरी मचूळ होत. चहा केला तरी खारट लागे. वरच्या अंगाला गंगाराम राण्यांची विहीर मात्र शहाळ्यासारखी गोड. वर्षानुवर्षं वाडीच्या बायका त्यांच्या परड्यातून वाट काढत पाणी आणायच्या. गंगाराम वारले आणि त्यांचा मुलगा काशिनाथ गोदीतली नोकरी सोडून मुंबईहून घरी आला. ऐन वैशाखात त्याने त्या वाटेवर गडगा घातला. दगडावर दगड रचून छातीएवढी भिंत. बायका दोन-दोन कळश्या घेऊन पार टेंबावरच्या झऱ्यावर जाऊ लागल्या. लेकुरवाळ्यांचे हाल तर विचारू नयेत.

शेवटी रवळनाथाच्या देवळात गावकी बसली. गावचे मानकरी शंकर गावकर यांनी देवापुढे गाऱ्हाणं घातलं, सगळे "व्हय म्हाराजा" म्हणाले, आणि काशिनाथ उभा राहिला. मुंबईचा माणूस. देवळातसुद्धा कचेरीतलं मराठी बोलला.

"जागा माझ्या नावावर आहे. वडिलांनी तुम्हाला शब्द दिला होता असं आपण सर्व म्हणता. कुणाला दिला, ते सांगावं."

खालची वाडी एकमुखाने ओरडली, "गंगारामान शब्द दिललो!" आणि मग कुणाला, हे सांगायची वेळ आली तेव्हा सगळ्यांच्या माना बाबलीकाकांकडे वळल्या. आयुष्यभर ज्यांनी त्या प्रश्नांना शिव्या घातल्या, त्यांचं पाणी आज त्याच प्रश्नांवर अडलं होतं.

काका उठले. देवाची पायरी शिवली.

"बोल गंगाराम राण्यांचो. आयकलंय मी, माझ्या कानान. गेल्या वर्सा शिमगो सरल्यार तेंचे नळे परतूक गेललंय. मी छपरार, ते खाली रवान नळे वर देय होते. तिसरो कोण नव्हतो. म्हणान माझ्या शब्दाक अर्धोच भाव धरा."

आमच्या बाजूला आमच्याच वाडीतला सत्यवान बसला होता. त्याने कपाळावर हात मारला. "साक्ष देता की इकता?"

शंकर गावकर मात्र गंगारामांचे जुने दोस्त. त्यांना राहवेना. "बाबली, तुझ्या गळ्यात गंगाराम आसा. जत्रेक तू तेची नक्कल केलंस, तेवा माझ्या डोळ्यांतसून पाणी इला. तेच्याच आवाजात सांग मरे."

सगळं देऊळ पुढे सरकलं. आता गंगाराम बोलणार, काशिनाथ विरघळणार, गडगा पडणार, हे ठरलंच. काकांनी मान हलवली.

"नाय. आवाज काढलंय तर ता नाटक जाता. लोक रडतीत, आणि रडणारो माणूस काय तपासणा नाय. शब्द तेंचे, गळो माझोच."

आणि आपल्या घोगऱ्या, विडीने काळवंडलेल्या आवाजात त्यांनी सांगितलं, "ते म्हणाले, 'बाबल्या, तुमच्या बायलांका सांग, पाणी न्हेवा. माझ्या मागसूनय न्हेवा. तान लागलली आसताना कोणाक आडवूचा नाय.'"

खालच्या वाडीत एकच कल्ला झाला. देवळाच्या पायऱ्यांखाली बायका उभ्या होत्या. त्यांत काकांची बायको रुक्मिणीकाकू. तिने शेजारणीकडे असं पाहिलं, की नवरा असावा तर असा.

"थांबा, अजून संपाक नाय," काका म्हणाले. "मगे म्हणाले, 'पण ता पिवक आणि रांधूक. मिरचेक एक कळशी जरी ओतलात, तर मीच वाट बंद करतलंय.' इतक्याच. मगे नळे संपले, मी खाली उतरलंय."

कल्ला जागच्या जागी बसला. कारण त्या वर्षी खालच्या वाडीत घरोघर उन्हाळी मिरची लावलेली होती आणि ती समुद्राच्या पाण्यावर वाढत नव्हती, हे देवालासुद्धा दिसत होतं. सगळ्यांत जोमदार वाफे रुक्मिणीकाकूचे. पायऱ्यांखालची तिची मान आता दुसरीकडेच वळली होती.

"मेल्या," सत्यवान उसळला, "शेपूट कित्याक लावलंस? अर्ध्यार थांबलंस आसतंस तर जीभ झडली नसती तुझी!"

"सत्यवाना, अर्धो सांगलंय तर तो बोल गंगारामाचो नाय, माझो. मगे तेंचा नाव कित्याक घेव?"

काशिनाथने मान खाली घातली. मग त्याच्या खांद्यांना हिसके बसू लागले. आम्हाला वाटलं, रडतोय. तो हसत होता. आणि आल्यापासून पहिल्यांदाच त्याच्या तोंडून घरची भाषा बाहेर पडली.

"हो माझो बापूसच! तेना जल्मात कोणाक काय दिल्यान नाय शेपूट लावल्याशिवाय. माका मुंबयक धाडल्यान, ता पण 'विडी ओढलंस तर परत ये' म्हणान!" मग म्हणाला, "मिरचेपायीच गडगो घातलंय मी. सकाळी कळशी बुडणा नाय. म्हातारी आवस गाळाचा पाणी गाळून पिता."

"मगे ता आधी सांगूक काय झाला तुका?" गावकर म्हणाले.

"इचारल्यात कोणी? सगळे शब्द दिललो, शब्द दिललो म्हणान बोंबलत इलात. काय शब्द, ता कोणाक म्हायत?"

निवाडा करायला फारसं काही उरलंच नाही. गडगा राहील, पण त्यात कमरेवर कळशी घेतलेली बाई सरळ जाईल एवढी वाट. पिण्याला आणि रांधायला हवं तितकं पाणी. मिरचीला काही नाही. दुसऱ्या दिवशी काका आणि काशिनाथ दोघांनी मिळून दगड काढले.

मिरची आठवड्याभरात माना टाकून बसली. रुक्मिणीकाकू त्या पावसाळ्यापर्यंत नवऱ्याशी कामापुरतंच बोलली आणि तिच्या बांगड्याच्या तिकल्यात, म्हणजे माशाच्या तिखट कालवणात, तिखट शोधावं लागे. सत्यवानाने तर त्यांच्या ओट्यावर येणंच सोडलं. वाडीचं पाणी त्यांनी परत आणलं आणि त्याबद्दल कुणी त्यांना धन्यवाद दिल्याचं माझ्या तरी ऐकिवात नाही.

बाबलीकाका जाऊन आता तीन वर्षं झाली. ओटा रिकामा असतो. बातम्या हल्ली कुठेही न अडता गावभर हिंडतात. मालवणातली नोकरी सांभाळून मी वैशाखात घरी जातो, तेव्हा संध्याकाळी गडग्याच्या वाटेशी बायकांची रांग दिसते.

परवा सत्यवानाची नवी सून त्या रांगेत उभी होती, आरोंद्याची मुलगी. तिच्या एका हातात कळशी, दुसऱ्या हातात बादली. रुक्मिणीकाकूने बादलीकडे बोट दाखवलं.

"ही कित्याक गो?"

"दारात दोन वांगी लावलंय, काकी."

"ती बादली पाठी ठेव. हंयचा पाणी पिवक आणि रांधूक. गंगाराम राण्यान सांगलेला माझ्या घोवाक. माझ्या घोवान देवाची पायरी शिवान गावकीत सांगल्यान. मी पायऱ्यांखाली आयकलंय, तुझो सासरो भितर बसललो, तेना आयकल्यान. जा, तेका इचार."

"ते तर म्हणतत, तुमची सगळी मिरची सुकली त्या वर्षी."

"सुकली तर. सगळी सुकली." काकूने कळशी कमरेवर घेतली. "चल, सर फुडे. तुझो लंबर इलो."