मी पुसलेला सुगरणीचा भाग

कुसुमताई मगदूम पहिल्यांदा आमच्या स्टुडिओत आल्या, तेव्हा मी टेबलावर प्लॅस्टिकच्या फुलांचा गुच्छ मांडून ठेवला होता. मुलांसाठी निसर्गाचा कार्यक्रम, तर शोभा हवी, एवढीच माझी अक्कल. खांद्यावरची कापडी पिशवी खाली ठेवत ताई म्हणाल्या, "हे काढा की बाई. ह्याच्यावर कोण येऊन बसणार हाय?" आणि पिशवीतून त्यांनी रुईची एक फांदी काढली. पानाखाली पट्ट्यापट्ट्यांची अळी निवांत जेवत होती. आमची ओळख झाली ती अशी.

कोल्हापुरातल्या केबलवर दर रविवारी लागणारा 'पानाखाली कोण?' आता चाळिशी ओलांडलेल्या पुष्कळांना आठवत असेल. ताई शाळेत विज्ञान शिकवत आणि उरलेला वेळ बांधाबांधानं हिंडत. मी टेपांचं कपाट सांभाळत असे, आणि माणसं कमी म्हणून चित्रीकरणालाही जात असे. मुरगूडच्या एका मुलीनं कार्डावर विचारलं होतं, "मुंगी झोपते का?" ताईंनी कॅमेऱ्यात बघून सांगितलं, "मला माहीत नाही. बघून सांगते." आमचे साहेब कपाळाला हात लावून बसले. पंधरा दिवस ताई वारुळापाशी बसल्या आणि मग म्हणाल्या, "मला एकही झोपलेली दिसली नाही. पण मला दिसली नाही म्हणजे झोपत नाही, असं नव्हे." असं बोलणारा शिक्षक मला शाळेत भेटला असता, तर मी विज्ञानात काठावर पास झाले नसते.

आणलेला जीव जिथला तिथं परत ठेवायचा, हा त्यांचा नेम. एकदा राधानगरीहून परतल्यावर कॅमेऱ्याच्या पिशवीला एक गोगलगाय चिकटलेली सापडली. मी म्हटलं, बागेत सोडू, तिचं घर तर तिच्या पाठीवरच आहे. "घर हाय खरं, गाव न्हाई," ताई म्हणाल्या आणि दुसऱ्या दिवशी सकाळच्या एसटीनं तिला डब्यातून घेऊन गेल्या. आम्ही चिकार हसलो. माझी आई दवाखान्यात होती, तेव्हा याच ताई आठवडाभर रोज भाकरी-भाजी घेऊन येत होत्या, हे मात्र मी कुणाला सांगितलं नव्हतं. आज सांगते.

आणखी एक सांगायचं आहे. ते सांगितल्याशिवाय हा लेख लिहिण्याचा मला अधिकार नाही.

त्या काळी नव्या टेपा महाग पडत आणि वेळेवर मिळत नसत. जुन्या टेपांवरच नवं चित्रीकरण करायचा रिवाज होता. एका मोठ्या कुस्ती मैदानाला टेपा कमी पडल्या. कुठल्या द्यायच्या, ते माझ्यावर होतं. मी ताईंच्या दिल्या. पोरांचा कार्यक्रम, एकदा दाखवून झाला, परत कोण बघणार? सगळ्याच्या सगळ्या दिल्या.

ताईंच्या या अमृतमहोत्सवासाठी गौरव समितीनं जुनं चित्रीकरण मागितलं, तेव्हा मला ताईंकडे जावंच लागलं. त्या घेवडा निवडत बसल्या होत्या. मी सगळं सांगितलं. त्यांनी हातातली शेंग मोडली. मग म्हणाल्या, "कुस्ती तरी चांगली झालती न्हवं?" मी हसायला गेले आणि रडले. त्या रागावल्या असत्या तर बरं झालं असतं.

निघताना दारात त्यांनी माझा हात धरला. "सुगरणीच्या भागात आमचे बाबा होते गं. वडगावच्या बांधावर. फोटो हाईत त्यांचे, पण बोलत्यात ते तेवढ्या भागातच. आवाज कसा होता, आता माझ्या ध्यानात येईना झालाय. तेवढं एकदा ऐकायचं होतं."

त्या दिवसापासून मला चैन नाही. म्हणून हा गौरवलेख वाचणाऱ्या सर्वांना हात जोडून विनंती करते. त्या काळी काही घरांत व्हीसीआर होते, आणि हौसेनं कार्यक्रम टेप करून ठेवणारी माणसंही होती. माळ्यावर, ट्रंकेत, लग्नाच्या कॅसेटांच्या ढिगात एकदा बघा. पांढरा पटका बांधलेले एक आजोबा बाभळीला लोंबणारा खोपा दाखवत बोलताना दिसले, तर ते ताईंचे वडील.

कुसुमताईंना दीर्घायुष्य लाभो, असं या ग्रंथात सगळेच लिहितील. मीही तेच मागते, पण मला घाई आहे. ताईंचा डावा कान गेला आहे, उजव्यानं अजून नीट ऐकू येतं. तो कान शाबूत राहो, त्या ठणठणीत राहोत, आणि कॅसेट सापडली तर आधी मला दाखवायला आणू नका. थेट त्यांच्याकडे न्या आणि आवाज मोठा करा.