आतोबांचा दक्षिण ध्रुव

महाडात बर्फ पाहायचा तर मासळी बाजारात, नाहीतर गोळ्याच्या गाडीवर. तरीही दक्षिण ध्रुवाचा एक कायमचा रहिवासी आमच्या गावात राहत होता आणि तो नेमका माझ्या आत्याच्या नशिबी आला होता, हे मी कोणाही शहाण्या माणसासमोर शपथेवर सांगायला तयार आहे. आतोबांचं बाजारपेठेत रेडिओ-टीव्ही दुरुस्तीचं दुकान होतं. नव्वदच्या दशकात गावात केबल नवीनच आली होती. कोणाचा तरी रंगीत टीव्ही दुरुस्त करून आतोबांनी तपासायला म्हणून लावला आणि पडद्यावर पेंग्विन उभा राहिला. ती मालिका संपेपर्यंत त्यांनी तो टीव्ही परत दिला नाही. मालक दर दोन दिवसांनी विचारायला येई आणि आतोबा गंभीर चेहऱ्यानं सांगत, "चित्र येतंय, पण अजून भरवसा नाय." शेवटी मालकसुद्धा तिथंच स्टूल ओढून पेंग्विन पाहायला बसू लागला.

तेव्हापासून आतोबांना जगातल्या सगळ्या प्रश्नांची उत्तरं पेंग्विनांकडे सापडायला लागली. पावसात निघायचं असलं की ते हातापायांना खोबरेल तेल चोपडत. पेंग्विनाच्या शेपटीपाशी तेलाची गाठ असते, तो चोचीनं ते तेल पिसांना लावतो आणि मग पाणी अंगाला शिवत नाही, असं त्यांचं शास्त्र. आतोबांच्या अंगाला पाणी शिवायचं ते शिवायचंच, वर आत्याच्या टॉवेलांना तेलाचा वास यायचा. आपल्या सुटलेल्या पोटाचं त्यांना एरवी जरा वाईट वाटे, पण चरबीचा थर नसेल तर पेंग्विन एक हिवाळा काढू शकत नाही हे कळल्यावर ते पोटावरून हात फिरवत दुसरी वाटी भात मागून घेऊ लागले. एकदा एस.टी. स्टँडवर तिरका पाऊस झोडपत होता आणि छपराखाली माणसं दाटीवाटीनं उभी होती. बर्फाच्या वादळात पेंग्विन एकमेकांना चिकटून उभे राहतात आणि कडेचे हळूहळू आत, आतले हळूहळू बाहेर असे सरकत राहतात, म्हणून कोणीच गारठून मरत नाही, हे आतोबांनी सगळ्यांना समजावून दिलं आणि लगेच अंमलबजावणीला सुरुवात केली. कडेला भिजणारे आनंदानं आत आले. आतून बाहेर जायची पाळी पाचाडच्या एका म्हातारीवर आली, तेव्हा ती म्हणाली, "मी कशाला जाव रे बाबा भायेर? मी काय तुझी पेंग्वीन हाय?" दक्षिण ध्रुवाची व्यवस्था तिथंच मोडली.

लोक त्यांना तोंडावर पेंग्विन म्हणत आणि ते खूश होत. आम्ही घरचेही हसायचो. पण हे वेड नुसतं वेड नव्हतं, हे मला फार उशिरा उमगलं.

आत्याला लग्नानंतर बऱ्याच वर्षांनी शिक्षिकेची नोकरी लागली ती पोलादपूरच्या वर, आंबेनळी घाटाच्या अंगाला डोंगरातल्या एका वाडीवर. चिमी, त्यांची एकुलती एक लेक, तेव्हा जेमतेम वर्षाची होती आणि छातीची नाजूक होती. वाडीवर राहायला मिळालेल्या ओल्या खोलीत पावसाळ्यात हिला ठेवू नका, असं डॉक्टरांनी बजावलं. मग आजोबांनी, म्हणजे आत्याच्या वडिलांनी, निकाल देऊन टाकला की बाईनं नोकरी सोडावी. आतोबा सासऱ्यांपुढे सहसा तोंड उघडत नसत. त्या दिवशी म्हणाले, "पेंग्विनांत एक सम्राट पेंग्विन असतो. त्याची बायको अंडं घालते, नवऱ्याच्या पायांवर ठेवते आणि समुद्रावर निघून जाते. तो दोन महिने तसाच उभा. जेवण नाय, काय नाय. त्याच्या सासऱ्यानं मधे काय बोलल्याचं मी तरी बघितलं नाय." आजोबा उठून आत गेले. माझी आई म्हणाली, "मुलीला माझ्याकडे ठेवा हवी तर." त्यावर आतोबा म्हणाले, "नको वहिनी. ह्या पायांवरनं त्या पायांवर देताना अंडं बर्फाला टेकलं की संपलं."

आणि त्यांनी खरोखरच लेकीला पायांवर वाढवलं. दुकानात टेबलाखाली पाय जुळवून ते बसत, चिमी त्यांच्या पावलांवर बसलेली असे आणि वरून आत्याची जुनी शाल. संध्याकाळी ती त्यांच्या पावलांवर उभी राही, ते तिचे दोन्ही हात धरत आणि दोघं डुलत डुलत बाजारपेठेतून घरी जात. पाच मिनिटांच्या वाटेला त्यांना अर्धा तास लागे. आत्या शनिवारच्या गाडीनं उतरायची आणि रविवारी वर जायची, तोवर सगळं ठीक चाललं होतं.

पावसाळा लागला, घाटात दरडी आल्या आणि वाडीकडची गाडी बंद झाली. एका रविवारात चालत उतरून पुन्हा चढणं शक्य नव्हतं आणि नवी नोकरी म्हणून रजाही नव्हती. आषाढ संपता संपता उघडीप आणि जोडून सुट्टी मिळाली तेव्हा आत्या कशीबशी घरी पोचली. तिनं हात पुढे केले. चिमीनं तिच्याकडे पाहिलं, बापाच्या पायाला मिठी मारली आणि अनोळखी बाई पाहून मुलं रडतात तशी रडू लागली. आत्या पिशवी न उतरवताच ओट्यावर बसली. मग म्हणाली, "बाबांचंच खरं. मी नोकरी सोडते."

ही नोकरी मिळवायला तिनं किती वर्षं घालवली होती ते आम्हा सगळ्यांना माहीत होतं. आतोबा तिच्या शेजारी बसले. "पेंग्विन डोळ्यांनी ओळखत नाय गो," ते म्हणाले. "हजारोंच्या घोळक्यात सगळे एकसारखे. समुद्रावरनं आली की ती हाक मारते. आवाजावर ओळखतात ते. माझं चुकलं, मी पोरीला तुझा आवाज ऐकवलाच नाय. गणपतीपर्यंत थांब. तेव्हाही आली नाय तुझ्याकडे, तर सोड नोकरी." आत्या कबूल झाली. परत जाताना तिच्या पिशवीत त्यांनी दुरुस्त केलेला एक टेपरेकॉर्डर आणि कोऱ्या कॅसेटी होत्या.

बाजाराला खाली येणाऱ्या वाडीच्या माणसांबरोबर पहिली कॅसेट आली. तिच्यात आत्यानं वर्गात बोलतात तशा स्वच्छ आवाजात बडबडगीतं म्हटली होती. चिमी झोपून गेली. आतोबांनी उलट निरोप धाडला, "शाळा नको. घरात बोलतेस तशी बोल." दुसरी कॅसेट आली आणि दुकानात आत्याचा आवाज घुमला: "अहो, ऐकताय ना? तिच्या डोक्यावर तेल थापू नका, सर्दी होईल. आणि शेजारच्या किराणावाल्यांकडचा चिवडा तिला देऊ नका. नाही देत म्हणू नका, मला सगळं माहीत आहे." चिमी रांगत टेपरेकॉर्डरपाशी गेली आणि त्याच्या मागे कोण आहे ते वाकून पाहू लागली. आतोबांनी कॅसेट उलटी फिरवून पुन्हा लावली, मग पुन्हा लावली. मग गणपतीपर्यंत रोज संध्याकाळी आतोबा भर बाजारपेठेत बायकोची बोलणी खात होते आणि त्यांना ती गोड लागत होती. किराणावाले तर वेळेवर खुर्ची घेऊन येत आणि विचारत, "आज वहिनींनी काय काय काढलंय?"

गणपतीच्या आदल्या दिवशी आतोबांबरोबर मीही स्टँडवर गेले. तेव्हा मी कॉलेजात होते. मुंबईहून आलेल्या माणसांनी स्टँड भरून गेला होता, सगळीकडे छत्र्या, बोजे आणि चिखल. चिमी बापाच्या पावलांवर उभी होती. आतोबा सकाळपासून काही खायला तयार नव्हते. पोलादपूरची गाडी आली, आत्या उतरली आणि चार हातांवर थांबली. तिला हाक मारायचीच भीती वाटत होती. चिमी भलतीकडेच पाहत होती. तेव्हा आतोबा अगदी साळसूदपणे म्हणाले, "आज हिला टोपी घालायची राहिली."

"राहिली?" आत्या म्हणाली. "अहो, भुरभुर पाऊस लागलाय, कानात वारं जाईल तिच्या, अक्कल कुठे ठेवलीत?"

चिमीची मान वळली. ती आत्याकडे एकटक पाहत राहिली. मग बापाचे हात सोडून त्यांच्या पावलांवरून उतरली, चिखलातून स्वतःची स्वतः चार पावलं चालली आणि आत्यानं उचलून घेतल्यावर तिच्या ओठांवर तळहात ठेवून आवाज शोधू लागली. आत्या रडत होती आणि रडता रडता टोपीवरून बोलतच होती.

आत्यानं नोकरी सोडली नाही. पुढे तिची खाली बदली झाली, आणि निवृत्त होईपर्यंत तिनं त्या तालुक्यात शेकडो मुलं शिकवली. पण मला आठवतात ते त्या वेळचे आतोबा. मायलेकी पुढे निघाल्या तरी ते दोन्ही पाय जुळवून तिथंच उभे होते. मी म्हणाले, "चला आतोबा. पेंग्विन आता जेवायला जातो ना?"

"जातो," ते म्हणाले. "पण लगेच नाय जात गो. पिल्लू सोडवत नाय त्याला. बायको येऊन मागते, तरी तो धरून ठेवतो. हे मी कुणाला सांगितलं नव्हतं."

मग त्यांनी आत्याची पिशवी उचलली आणि त्या दोघींच्या मागून चालू लागले. कोणीच पावलांवर नसल्यामुळे त्यांना भरभर चालता आलं असतं, पण ते तसेच हळूहळू चालत राहिले. मला त्यांच्याविषयी इतकी माया याआधी कधीच वाटली नव्हती.