कोशाची साडी

डॉक्टरांनी बाबांना बाजूला घेऊन सांगितलं, फार तर चार-पाच दिवस. त्याच दुपारी आई मला म्हणाली, "मले जाताना कोशाचीच साडी नेसव."

नवं राज्य झाल्यावर रायपूरच्या एका सरकारी कार्यालयात मला नोकरी लागली, तेव्हा पहिल्या पगारातून आईला घेतलेली साडी. अंग कोशाचं, म्हणजे इथल्या कोसा रेशमाचं, मधासारखं; काठ लाल. आईनं ती दोनदाच नेसली होती. पेटीतून काढली तर निऱ्यांवर तेलाचा हातभर डाग. शंकर नगरच्या ड्रायक्लीनरकडे धावले. तो म्हणाला, "दीदी, आठ-दस दिन लगेंगे." माझ्याकडे तेवढे दिवस नव्हते.

चौबे कॉलोनीतल्या आमच्या न्हाणीघरात मी बादलीत कढत पाणी ओतलं, मूठभर पावडर टाकली आणि साडी बुडवली. डाग जाईना म्हणून ब्रश घेतला. थोड्या वेळानं पाहिलं तर पाणी लाल. काठाचा रंग साडीभर पसरला होता. मी पाणी बदललं, पुन्हा बदललं. मीठ टाकलं, लिंबू पिळलं. साडी गुलाबी ती गुलाबीच, वर जागोजागी धागे विसकटलेले. नळ मोठा सोडून मी तिथेच ओल्या फरशीवर बसून रडले. रडणं आतल्या खोलीत जाऊ नये एवढंच भान होतं.

संध्याकाळी आईनं विचारलं, "वाळली का वं साडी?"

"हव."

"आण बरं. हात लावू दे."

साडी हातात येताच तिची बोटं थांबली. मग तिनं तोंड भिंतीकडे केलं. त्या दिवशी तिनं माझ्या हातून पाणीही घेतलं नाही.

दुसऱ्या दिवशी मी आईचे केस विंचरायला बसले तेव्हा म्हणाली, "कोसा रिठ्याच्या थंड पाण्यात धुवा लागते. घासाचं नाही, पिळाचं नाही. सांगतलं नव्हतं काय मी तुले?"

तिनं कधीच सांगितलं नव्हतं.

"सांगितलं होतं आई. मीच विसरले."

तिसऱ्या दिवशी सकाळी ती गेली. मावशी नवी हिरवी साडी घेऊन आली होती; डागाळलेली साडी पाहून ती म्हणाली, "हे काहून? लोक काय म्हणतील?" बाबा दारातूनच म्हणाले, "तिनं सांगितलं तेच नेसवा."

मी नेसवली. गुलाबी डाग निऱ्यांच्या आत लपवत गेले. खांद्यावरचा एक राहिलाच. मावशीनं त्यावर फुलं ठेवली, आणि मी ती ठेवू दिली.