फरशीखालचं खापर

फरसान बेटावर उत्खननाला जाते म्हटल्यावर सासरच्या मंडळींनी शेव-चिवड्याचे सगळे विनोद एका दमात उरकून घेतले. नवरा सौदीत, दम्मामला पेट्रोकेमिकलमध्ये, मुलगी तिथल्याच इंडियन स्कूलमध्ये, आणि मी थंडीचे काही आठवडे त्याच देशाच्या दुसऱ्या टोकाला, जिझानहून बोटीने तांबड्या समुद्रात. मुलगी फोनवर विचारायची, "मम्मा, डिड यू फाइंड गोल्ड?" नाही गं, खापरं, असं मी म्हटलं की फोन बाबाकडे जायचा.

मला तिथे बोलावलं ते सरांनी. पुण्यात त्यांच्या हाताखाली मी खापरांची चित्रं काढायला शिकले, म्हणजे रडत रडत शिकले. एकदा भर वर्गात माझा कागद उंच धरून ते म्हणाले होते, "हिची रेघ बघा. दिवाळीला दारापुढे शोभेल." वर्ग खो खो हसला. त्या माणसाचा मला मनापासून राग येई, आणि मातीची पारख त्यांच्याइतकी असलेला दुसरा कोणी मला आजवर भेटलेला नाही.

दुसऱ्या शतकात या बेटावर रोमन सैन्याची एक तुकडी होती. लॅटिन शिलालेख मिळाल्यापासून त्यावर वाद उरलेला नाही. साम्राज्याच्या पार शेवटच्या टोकाचं ठाणं, काम काय तर येणाऱ्या-जाणाऱ्या जहाजांवर नजर ठेवायची. सरांचं म्हणणं त्यापुढचं होतं. त्यांच्या मते त्या ठाण्यावर आपल्या कोकण किनाऱ्याची माणसंही राहत होती, जहाजांवर राबणारी, सैनिकांच्या शेजारीच चूल मांडणारी. उभी हयात ते हे सांगत आले आणि उभी हयात लोक त्यांना हसत आले.

पुरावा म्हणून त्यांना एकच गोष्ट हवी होती. मालाचे रांजण कुठूनही कुठे जातात, त्यातून काही ठरत नाही. पण स्वयंपाकाचं काळं मडकं कोणी परदेशी विकायला नेत नाही, ते रांधणाऱ्या माणसाबरोबर जातं. कोकणी मडक्याचा एक तुकडा, रोमन थरातला, वरचं काही न मिसळलेला, मिळाला की सर जिंकले. वय सत्तरीच्या पुढे, डोळ्यांत मोतीबिंदू, आणि खोदकामाच्या परवान्याचा हा शेवटचा हंगाम. यंदा नाही तर कधीच नाही, हे आम्हा सगळ्यांना ठाऊक होतं.

आमच्या उत्खनन-मोहिमेचे प्रमुख युरोपातले होते. उंच, हसतमुख, सगळ्यांशी गोड. आमचा स्वयंपाकी रत्नागिरीकडचा. अ‍ॅल्युमिनियमच्या भांड्यात मासळीचं कालवण बेचव होतं म्हणून त्याने गावाहून कपड्यांत गुंडाळून एक मडकं आणलं होतं. ते एके दिवशी ओट्यावरून पडून फुटलं. तो हळहळला, आम्हीही हळहळलो, आणि विषय संपला असं मला वाटलं.

त्याच आठवड्यात सरांच्या खड्ड्यातून आरोळी आली. मी धावले. सर मातीत गुडघे टेकून बसले होते आणि त्यांच्या तळहातावर मडक्याच्या काठाचा एक तुकडा होता, जाड, काळा, काजळी धरलेला. "बघ," ते म्हणाले, "बघ तरी!" त्यांच्या डोळ्यांतून पाणी वाहत होतं. प्रमुखांनी मला लगेच चित्र काढायला सांगितलं आणि मी जीव ओतून काढलं. त्या दिवशी पहिल्यांदा सर माझ्या रेघेला काही बोलले नाहीत.

जेवताना त्यांनी सगळ्यांना उभं राहून माहिती सांगितली. मडकं कसं थापलं असेल, चुलीवर कुठल्या बाजूने बसलं असेल, रांधणारा कोण असेल. प्रमुखांनी शेवटपर्यंत ऐकून घेतलं, प्रश्नही विचारले. मग टेबलाखालून उरलेलं फुटकं मडकं काढलं, सरांच्या हातातला तुकडा अलगद घेतला आणि काठावर बसवला. बेमालूम बसला. खापरं अशी जुळली की आमच्या धंद्यात वाद संपतो. टाळ्या पडल्या, कोणीतरी व्हिडिओ काढला. सरही हसले. हसत हसत त्यांनी ताटातला भात संपवला, आणि ते बघताना मला त्या सगळ्यांची किळस आली.

स्वयंपाकी नंतर माझ्याकडे आला. "मला काय माहीत, ताई? साहेबानं मागितलं, मी दिलं. फुटलेलंच होतं ना." त्याच्यावर रागावण्यात अर्थ नव्हता.

सर माझ्यावर रागावले. "चित्र तूच काढलंस. रोज त्याच मडक्यातलं कालवण ओरपत होतीस. आणि म्हणे ओळखलं नाही!" मी खरंच ओळखलं नव्हतं. कोकणातला कुंभार अजून तसंच मडकं थापतो, शेणी-लाकडात तसंच भाजतो. पण ते ऐकून घ्यायला तयार नव्हते. माझ्याशी बोलणं त्यांनी बंद केलं.

हंगाम संपता संपता मी माझ्या खड्ड्यातली चुन्याची फरशी फोडली. रोमनांनी घातलेली, कुठे भेग नाही, भोक नाही. खाली राख, माशांचे काटे, आणि त्या राखेत रुतलेला एक काळा काठ. मी ब्रश खाली ठेवला. अखंड फरशीखाली कोणाला काही पेरून ठेवता येत नाही.

सरांचा नियम होता की महत्त्वाची वस्तू आधी त्यांनी पाहायची, मग फोटो. म्हणून मी फोटो न घेता त्यांना हाक मारली. ते सावकाश खाली उतरले. वाकून त्या तुकड्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "अजून हौस फिटली नाही का तुमची?" म्हणाले, आणि दोन बोटांनी तो राखेतून उपटला.

"सर, फरशीखाली आहे तो! सर!"

ते चढून वर गेले होते. पाणी तिथून चार पावलांवर. त्यांनी तो भिरकावून दिला, हात झटकले आणि तंबूकडे चालते झाले. मी कपड्यांनिशी पाण्यात शिरले. तळाशी पोवळ्यांचा चुरा आणि सगळ्या काळांची खापरं पडलेली, काळी, तांबडी, शेवाळलेली. वेड्यासारखी मुठी भरभरून काढत राहिले. काढली त्यातली कुठली त्या राखेतली, हे आता देवालाही सांगता आलं नसतं.

शेवटच्या दिवशी आम्ही खड्डे बुजवत होतो. आधी कापड अंथरायचं, त्यावर वाळूची पोती रिकामी करायची. सर काठावर येऊन उभे राहिले. बाजूला काढून ठेवलेले फरशीचे तुकडे त्यांनी बुटाने हलवले, एक उचलून डोळ्यांजवळ नेला.

"परवाचं ते," त्यांनी विचारलं, "तेही त्यांनीच ठेवलं होतं ना?"

मी वाळूचं पुढचं पोतं ओढलं.

"की तू ठेवलंस? तू ठेवलं असशील तरी चालेल. मी रागावणार नाही. नुसतं हो म्हण."

इतक्या वर्षांत त्यांनी माझ्याकडे काही मागितलं नव्हतं. एक 'हो' म्हटलं असतं तर म्हातारा सुखाने घरी गेला असता. मला त्यांना सुखाने जाऊ द्यायचं नव्हतं. त्या तुकड्यावर त्यांच्याइतकाच माझाही हक्क होता, आणि तो त्यांनी समुद्रात फेकला होता.

"नाही, सर," मी म्हणाले. "ते खरं होतं. त्या दिवशी सकाळी मी स्वतः फरशी फोडली, तेव्हा खाली निघालं."

सर तिथेच मातीवर बसले. कोणीतरी त्यांना पाणी आणून दिलं, ते त्यांनी नुसतं हातात धरलं. मी पोत्याचं तोंड सोडलं आणि त्यांच्यासमोर वाळू ओतायला लागले.