मागे वळणारी नर्स

प्रोजेक्टरच्या दिव्यातल्या जळत्या कार्बनचा आणि रीळ जोडायच्या सिमेंटचा तो उग्र, किंचित गोडसर वास अजूनही कधी नाकाशी आला, की जळगावच्या चैत्रातली एक रविवार सकाळ आठवते. थिएटरात मी ऑपरेटर होतो. केबिनवरचा पत्रा तापत असायचा आणि प्रकाशाच्या झोतात धूळ संथपणे तरंगायची. रविवारी मॉर्निंग शोला इंग्रजी चित्रपट लागे. प्रेक्षक मोजके, त्यातले निम्मे पेंगणारे.

त्या चित्रपटात एक ब्रिटिश नटी होती. नामावलीत अगदी तळाशी नाव, काम जेमतेम मिनिटभराचं. इस्पितळातली नर्स खिडकीशी पाठमोरी उभी असते, कुणीतरी हाक मारतं, ती वळते आणि हसते. बस्स! पण ती वळली आणि मी केबिनच्या झरोक्याला डोळे लावले. वर्षापूर्वी माझी धाकटी बहीण कुसुम धुळ्याच्या एसटीत चढताना अशीच मागे वळून हसली होती. सासरी तापानं गेली. आम्ही पोचेपर्यंत सगळं आटोपलं होतं. घरात तिचा एकही फोटो नव्हता.

पुढच्या रविवारी आईला नेलं. "अरे भाऊ, हाई तर आपली कुसुम शे!" असं भर थिएटरात म्हणाली आणि पदर तोंडात कोंबून रडली.

दुसऱ्या दिवशी चित्रपटाची प्रिंट भुसावळला वितरकाकडे परत जायची होती. रीळ तुटलं की खराब तुकडा कापायचा आणि पुढचं जोडून द्यायचं, ही आमची रोजची रीत, विचारतो कोण? मी न तुटलेलं रीळ कापलं. ते सगळं वळणं, ते हसणं कापून आईच्या हाती दिलं. तिनं तुकडा उन्हाशी धरला, नखाएवढी चित्रं न्याहाळली आणि परत केला. "हाई कुसुम नही रे. हाई हालत नही."

पुढे ती नटी मला अधूनमधून भेटत राहिली. कुठे हॉटेलातली मोलकरीण, कुठे घरमालकीण, नाव तळाशीच. दर खेपेला जरा थोराड, केसांत पांढरं वाढलेलं. कुसुम अशीच दिसली असती. कुणीसं म्हणालं, तिकडे विलायतेत ती आता टीव्हीवर असते. जळगावात टीव्ही कुठला!

आणि एकदा तोच चित्रपट परत आला. रीळ तपासताना बोटाला माझीच जुनी जोड लागली. धावत घरी जाऊन तो तुकडा आणला, पण इतक्या उन्हाळ्यांनी तो वाळून कडक झाला होता. जोडू गेलो तर बोटांतच तुटला. शो सुरू करताना खाली पाहतो तो पुढच्या बाकावर आई, पोस्टर पाहून आलेली, ठेवणीतलं लुगडं नेसून.

नर्स खिडकीशी उभी राहिली. हाक आली. पडद्याला एक झटका बसला आणि थेट रिकामा रस्ता दिसू लागला.

शो सुटल्यावर आई केबिनच्या जिन्यापाशी आली. "आज ती वळनी नही रे भाऊ. मी बी हाक मारी. रुसनी का?"

"नाही गं," एवढंच मी म्हणालो. खरं सांगायचं धैर्य तेव्हा झालं नाही, आणि नंतर आईच राहिली नाही.

ती प्रिंट पुढे कुठे कुठे गेली, कोण जाणे. रावेरला, दोंडाईच्याला, कुठल्या तरी तंबूतल्या पडद्यावर ती नर्स अजून खिडकीशी पाठमोरी उभी असेल, आणि हाक येत असेल.